ओजिमातला मुझिक

जपानहून आल्यावर जो भेटतो तो फुलांचं विचारतो. फुलं होती. गुलाबी होती, आठवडाभर टिकली, मग वाऱ्यानं गेली. त्यांचे फोटो लेकीकडे आहेत, ज्यांना हवेत त्यांनी तिच्याकडून मागवून घ्यावेत. मी लिहिणार आहे ते बटाट्यांबद्दल आणि ते लावणाऱ्या एका रशियन म्हाताऱ्याबद्दल. जपानात तीन महिने राहून रशियन माणसाचीच जास्त ओळख झाली याला माझा इलाज नव्हता. तो शेजारी होता.

ओजिमा

माझी लेक वैशाली टोकियोत ओजिमा नावाच्या भागात राहते. जावई अभिजित कॉम्प्युटरच्या कंपनीत आहे. त्या वर्षांत आपल्याकडची कॉम्प्युटरवाली पोरं तिकडे इतकी गेली होती की इमारतीच्या टपालपेट्यांवर कुलकर्णी, रेड्डी, पाटील अशी नावं ओळीनं दिसायची. वैशालीला जानेवारीत मुलगा झाला, तिची सासू गुडघ्यांमुळे येऊ शकली नाही, म्हणून मार्चमध्ये मी गेले. विमानाबद्दल सांगण्यासारखं काही नाही. बसले, उतरले.

इमारती सरकारी, चौदा मजली, एकसारख्या. दोनदा मी दुसऱ्याच इमारतीच्या लिफ्टमधून वर जाऊन दुसऱ्याच दाराला किल्ली लावली. एकदा भाजीची देठं प्लास्टिकच्या दिवशी कचऱ्यात ठेवली. पिशवी नेली नाही, वर चिठ्ठी चिकटवली. वैशाली म्हणाली, "आई, इथे कचऱ्याचेसुद्धा वार असतात." मी म्हटलं, आपल्याकडे देवांचे असतात, इथं कचऱ्याचे. ती हसली नाही. बाळ रात्रभर रडलं होतं.

आमच्या आणि शेजारच्या गॅलरीमध्ये एक पातळ फळी आहे. वाकलं की पलीकडचं दिसतं. वाकू नये असं वैशालीनं सांगितलं होतं. पहिल्याच आठवड्यात कपडे वाळत घालताना मी वाकले. पलीकडे जमिनीवर वर्तमानपत्र पसरलं होतं आणि त्यावर बटाट्याच्या फोडी मांडल्या होत्या, प्रत्येक फोडीच्या कापलेल्या बाजूला राख चोळलेली. बी-बटाटा आम्ही नारायणगावकडे असाच करतो. मला फार बरं वाटलं. तिकडे गेल्यापासून मला समजेल अशी पहिलीच गोष्ट दिसली होती.

फोडींजवळ स्टुलावर एक म्हातारा बसला होता. गोरा, रुंद, पांढऱ्या मिशा, कोपरावर ठिगळ लावलेला स्वेटर. एका फोडीला डोळा नव्हता. मी बोटानं दाखवली. त्यानं ती उचलली, फिरवून बघितली, माझ्याकडे रागानं बघितलं आणि फोड आत नेली. थोड्या वेळानं तळणीचा वास आला.

त्याचं नाव पावेल. त्याची मुलगी लेना एका जपानी कंपनीत भाषांतराचं काम करते, नवरा नाही. म्हाताऱ्याची बायको वारली, गावात हिवाळ्यात दाराबाहेर पडायचं झालं तर आधी बर्फ खणायचं, आणि त्याचं हृदय कमजोर. म्हणून लेना त्याला घेऊन आली होती. लेनाला जपानी येतं, वैशालीला जपानी येतं, दोघी त्यात बोलत आणि वैशाली मला मराठीत सांगे. म्हातारा रशियनमध्ये बोले आणि मी मराठीत. लोक विचारतात, मग जमायचं कसं? शेतावर बोलायचं असतंच किती.

नदीकाठचं शेत

शेत म्हणजे खोलीएवढा तुकडा. नदीच्या बांधाला लागून असे पुष्कळ तुकडे आखले होते, शहरातल्या लोकांना ते वर्षाच्या बोलीनं मिळतात. प्रत्येकाची हद्द दोरीनं आखलेली. आमच्याकडे बांध कोरून दुसऱ्याची वीतभर जमीन आपल्यात घेतात. तिथं दोरीपलीकडे आपला पालासुद्धा गेला तर माणूस वाकून माफी मागतो आणि पाला उचलतो.

म्हाताऱ्यानं बटाटे लावले तेव्हा मी गेले. वैशाली बाबागाडी घेऊन बांधावर उभी राहिली. मी सरी ओढली, त्यानं फोडी टाकल्या. शेजारच्या तुकड्यात मोरिता-सान, म्हणजे मोरिताराव, असे गृहस्थ होते, निवृत्त, हातमोजे घातलेले, कापडी टोपी. त्यांचे कांदे होते. काय कांदे होते! पातीला पात लागून, एक गवताची काडी नाही. प्रत्येक ओळीला लाकडी पट्टी, त्यावर कधी लावले ते लिहिलेलं. झारीनं पाणी घालत, आणि झारी भरायला दर वेळी नळापर्यंत चालत जात. नळाला रबरी पाइप होता. तो का लावत नाहीत हे मला कळेना.

त्याच दिवशी लेनानं वैशालीला सांगितलं की त्यांचा तुकडा जायच्या बेतात आहे. म्हाताऱ्यानं थंडीत जमिनीत मासळीची डोकी पुरली होती. खत उत्तम, पण मांजरांनी उकरून चार तुकड्यांत पसरली. मग त्यानं तिथं खुर्ची ठेवून सिगारेट ओढली. या दोन गोष्टींबद्दल तुकडे देणाऱ्या समितीकडून समज मिळाली होती. तिसरी तक्रार शेजाऱ्याच्या शिक्क्यानिशी गेली (तिथं सहीऐवजी प्रत्येकाचा नावाचा शिक्का असतो) की तुकडा काढून घेणार.

"गेला तर जाऊ दे की," वैशाली म्हणाली. "भाजी बाजारात मिळते."

लेना म्हणाली, "वडलांनी येतानाच सांगितलंय. हाताला माती नसेल तर मी परत जाईन. आणि ते जातील. आमच्या गावात आता तीन म्हाताऱ्या आणि ते. थंडीत त्यांना तिथं काही झालं तर बर्फ वितळल्यावर मला कळेल."

हे तिनं न रडता सांगितलं. म्हणून मी ते खरं मानलं.

आता त्या शब्दाबद्दल. एकदा आम्ही शेतावरून परत आलो, म्हाताऱ्याचे बूट चिखलानं भरलेले. लिफ्टमध्ये एक जपानी बाई पांढरी पिशवी घेऊन कोपऱ्यात सरकली. लेना बापाला काहीतरी बोलली, त्यात एक शब्द जोरात आला: मुझिक. म्हातारा दाराकडे तोंड करून उभा राहिला. मी वैशालीला म्हटलं, "विचार तिला, काय म्हणाली ती बापाला."

"आई, असं विचारत नाहीत."

"तू विचार. बोलताना तिला लाज वाटली नाही, मग मला विचारताना कशाला वाटेल?"

लेना लाल झाली, पण तिनं सांगितलं. आमच्याच घरी, म्हाताऱ्यासकट चहा पीत सांगितलं. मुझिक म्हणजे शेतकरी, खेडवळ. मूळ शब्द मुझ, म्हणजे पुरुष, नवरा. त्याला शेपूट लावून तो लहान केला. छोटा पुरुष. जमीनदार लोक आपल्या जमिनीवर राबणाऱ्यांना असं म्हणत. म्हणजे दाढीमिशा असल्या, पोरंबाळं असली, तरी हा काही पुरता माणूस नव्हे, याचं हो-नाही विचारायचं नसतं. जमीन विकली तर तिच्याबरोबर माणसंही जात. काही जण म्हणतात शब्दात तेवढा अपमान नव्हता, नुसता साधा माणूस असा अर्थ होता. पण म्हणणारे सगळे खुर्चीवर बसलेले होते, असं लेना म्हणाली.

मला समजवायला तिला बराच वेळ लागेल असं वाटलं असावं. लागला नाही. माझ्या वडलांचं नाव महादू. गावच्या इनामदारांचा बारका पोरगा, मिसरूड न फुटलेला, त्यांना "ए म्हाद्या" म्हणून हाक मारायचा आणि वडील जी म्हणून उभे राहायचे. त्यांच्या मिशा तेव्हा पिकलेल्या होत्या. मी वैशालीला म्हटलं, सांग तिला, आमच्याकडे प्रत्येकाच्या नावालाच शेपूट लावायचे, वेगळा शब्द ठेवायची गरज पडली नाही.

लेनानं ते बापाला सांगितलं. म्हातारा पहिल्यांदा माझ्याकडे बघून हसला. "म्हाद्या," तो म्हणाला, आणि चहात बिस्कीट बुडवलं.

लेनानं आणखी एक सांगितलं. तिकडे शेतकऱ्याला दुसरा शब्द आहे, कागदोपत्री चालणारा, तो ख्रिस्ती या शब्दावरून आला. मी म्हटलं, जमीनदार ख्रिस्ती नव्हते का? होते, म्हणाली. मग नाव यांनाच का?  आमच्या शाळेतले गुरुजी सांगत की कुणबी हा शब्द कुटुंबावरून आला, घरदार असलेला माणूस. म्हणजे कोणी धर्मावरून नाव ठेवलं, कोणी घरावरून, कोणी नुसतं लहान केलं. तो काय करतो त्यावरून साधं शेतकरी म्हणायचं आधी कोणाला सुचलं नाही.

म्हातारा मध्येच बोलला. लेनानं सांगितलं, ते म्हणतात, आता तो शब्द तसा राहिला नाही. आता गावात एखाद्यानं न बोलता काम उरकलं, अडल्याला ट्रॅक्टर दिला, की म्हणतात, हा खरा मुझिक.

"मग तुला राग का आला?" मी म्हाताऱ्याला मराठीत विचारलं.

वैशालीनं जपानीत सांगितलं, लेनानं रशियनमध्ये. उत्तर तसंच उलटं फिरून आलं. "गावानं म्हटलं तर मान आहे. पोरीनं म्हटलं तर बुटांबद्दल आहे."

योकोहामा

एका रविवारी अभिजितनं योकोहामा दाखवलं. मोठं बंदर आहे. तिथं आपल्याकडचे व्यापारी फार पूर्वीपासून आहेत, रेशमाच्या धंद्यात होते असं तो म्हणाला. समुद्र राखाडी होता. बाकावर बसून आम्ही मी केलेले मेथीचे ठेपले खाल्ले. शेजारच्या बाकावरच्या लोकांनी डबे उघडले, त्यात भाताचे गोळे होते, समुद्रातल्या काळ्या पाल्यात गुंडाळलेले. वैशालीनं एक विकत आणून दिला. भात चांगला, पाला मला कागदासारखा लागला. सोलून खाल्ला.

तिथं अभिजितला ऑफिसातून फोन आला. रविवार असून आला. तो उभा राहून, वाकून बोलत होता, समोर माणूस नसताना. फोन ठेवल्यावर म्हणाला, "दोन रिसोर्स कमी पडतायत."

"ते काय असतं?"

"माणसं, आई. ऑफिसात माणसांना रिसोर्स म्हणतात."

"तुलासुद्धा?"

"तोंडावर अभिजित-सान म्हणतात. कागदावर रिसोर्स."

मी म्हटलं, म्हणजे पावेल बरा, तो निदान छोटा का होईना, माणूस आहे. अभिजितनं ठेपला खाल्ला. तो चांगला मुलगा आहे, पण तेव्हा त्याला ते आवडलं नाही.

पुन्हा नदीकाठी

मेमध्ये म्हाताऱ्याच्या छातीत दुखलं आणि त्याला काही दिवस इस्पितळात ठेवलं. जाताना त्यानं गॅलरीतून मला हाक मारली आणि नदीच्या दिशेनं हात केला. बटाट्यांचं बघ. मी मान हलवली.

त्या आठवड्यात पाऊस नव्हता, ऊन कडक. बटाट्याची पानं दुपारी मलूल पडू लागली. बटाटा पोसायच्या वेळी पाणी तुटून चालत नाही. झारीनं चार थेंब शिंपडणं मला पटेना. मी नळाचा पाइप ओढून आणला, सरीच्या तोंडाशी ठेवला, नळ सोडला, आणि आम्ही करतो तसं केलं, म्हणजे पाणी फिरायला लावून बांधावर गेले. बाळाची दुधाची वेळ झाली होती. वैशाली बाकावर बसून त्याला पाजत होती, मी फडक्यातली भाकरी सोडून खाल्ली आणि मग दोघींचाही डोळा लागला.

आमच्याकडे यात काही धोका नसतो. मोटर चालू करून ठेवायची, लाइट असेल तोवर पाणी चालतं, लाइट गेली की आपोआप थांबतं. लाइट जातेच. इतक्या वर्षांत मला पाणी बंद करायची वेळ फार क्वचित आली. टोकियोत लाइट जात नाही आणि नळ थांबत नाही. शिवाय ती जागा खाडी बुजवून केलेली, पाणी आत मुरत नाही, वरच्या वर पसरतं. उतार मोरिता-सानांकडे होता.

उठून बघते तो कांदे पाण्यात उभे. कांद्याच्या माना पडायला लागल्या होत्या, म्हणजे काढणीला आले होते. अशा वेळी कांद्याला पाणी लागणं म्हणजे तो नासणं. हे मला कोणी सांगायची गरज नव्हती. नारायणगावला माझ्या कांद्यात कोणी असं पाणी सोडलं असतं तर मी त्याच्या सात पिढ्या काढल्या असत्या आणि पुढच्या दोन पिढ्यांनी एकमेकांच्या लग्नाला जाणं सोडलं असतं.

मोरिता-सान संध्याकाळी आले. कांद्यांकडे बघितलं. टोपी काढली. पुन्हा घातली. वैशाली वाकून वाकून माफी मागत होती, मीही वाकले. ते म्हणाले, आता झालं त्याला काय करणार, आणि हातमोजे घालून चर खणू लागले. ओरडले असते तर बरं झालं असतं. ओरडणाऱ्याचं काय करायचं ते मला माहीत आहे.

लेना रात्री आली. तक्रारीचं विचारलं तर म्हणाली, मोरिता-सान काही बोलत नाहीत म्हणजे शिक्का मारणारच. "ओबाआसान," ती मला म्हणाली, म्हणजे आजी, "तुम्ही चांगल्यासाठीच केलंत." असं कोणी म्हटलं की समजावं, वाट लागली.

मोरिता-सानांचं दार

तिथली पद्धत अशी की चूक झाली तर खाऊचा खोका घेऊन घरी जायचं. वैशाली दुकानातला महागडा खोका आणणार होती. मी म्हटलं, घरचं नेऊ. बेसनाचे लाडू केले आणि स्टीलच्या डब्यात भरले. वैशाली म्हणाली, "डबा नको, डबा परत द्यावा लागतो, त्यांना त्रास." मी डबाच नेला.

दारात त्यांची बायको आली, दोन्ही हातांनी डबा घेतला. तीन दिवसांनी मोरिता-सान आमच्या दारात. डबा घासूनपुसून, कापडात बांधून, आणि बरोबर त्यांच्या लाकडी डब्यात स्ट्रॉबेरी. तिकडे काही घेतलं की उलट द्यावंच लागतं. आता त्यांचा डबा आमच्याकडे राहिला. आमच्याकडे कोणाचा डबा रिकामा परत करत नाहीत. मी त्यात चिवडा भरून पाठवला. त्यांच्याकडून भाताच्या कुरकुरीत चकत्या आल्या, आमच्या दुसऱ्या डब्यात, कारण चिवडा मी दोन डब्यांतून पाठवला होता. मी शंकरपाळे केले, आमचे दोन्ही डबे भरून पाठवले. त्यांच्याकडून बांबूचे कोंब आले. ते कसे खायचे कोणाला ठाऊक नव्हतं. काळा मसाला घालून रस्सा केला, फणसासारखा लागला, तोच त्यांच्या डब्यात घालून परत पाठवला.

"आई, हे कधी थांबणार?" वैशाली म्हणाली.

"ते थांबले की."

"ते थांबणार नाहीत. ते जपानी आहेत."

"मग मी तरी का थांबू?"

अभिजित म्हणाला, तेलाचा डबा महिन्यात दुसऱ्यांदा संपला.

म्हातारा घरी आला होता. लेनानं त्याला सगळं सांगितलं. तो माझ्यावर चिडला नाही. त्यानं कपाटातून पिशवी काढून तीत दोन शर्ट घातले आणि पिशवी दाराशी ठेवली. लेनानं ती आत नेली. त्यानं परत दाराशी ठेवली.

मग रविवारी सकाळी शेतावर समितीची बैठक झाली. पत्र्याच्या खोलीत, घडीच्या खुर्च्या. मुख्य बाईंनी नियम वाचले. लेनानं माफी मागितली. मग म्हातारा उठला आणि रशियनमध्ये बोलला, लेना वाक्यावाक्यानं जपानी करत गेली, वैशाली माझ्या कानात. "ही बाई माझ्या सांगण्यावरून आली. तुकडा माझा, पाणी माझं, चूक माझी. मी मुझिक आहे, मला वाकता येत नाही, पण मी सांगतोय ते खरं आहे."

मुझिक या शब्दापाशी लेना अडली. मग तिनं ह्याकुशो म्हटलं. दोनचार जण दचकले. वैशालीनं नंतर सांगितलं की त्या शब्दाचा मूळ अर्थ शंभर आडनावं, म्हणजे सगळी रयत. पुढे तो शेतकऱ्यापुरता उरला आणि आता सभ्य माणसं तोंडावर म्हणत नाहीत. म्हणजे तिथंही तेच.

बाईंनी मोरिता-सानांना विचारलं, तुमचं किती नुकसान झालं?

मोरिता-सान उभे राहिले. टोपी हातात. म्हणाले, "या वर्षी माझे कांदे आधीपासूनच बरे नव्हते. पाण्यामुळे काही बिघडलं असं वाटत नाही."

सरळ खोटं. तसले कांदे मी सबंध जुन्नर तालुक्यात बघितलेले नाहीत. निम्म्याहून अधिक नासले, फेकताना मी स्वतः बघितले. पण त्या दिवशी आमचे दोन डबे त्यांच्या घरी होते आणि द्यायची पाळी त्यांची होती. ज्याचा डबा आपल्या ओट्यावर आहे त्याच्याविरुद्ध शिक्का मारणं त्यांना जमलं नसावं. मलाही जमलं नसतं. बाईंनी पुढचा विषय घेतला, तो मांजरांचा होता.

तुकडा राहिला. पण म्हाताऱ्यानं पिशवी काही आत नेली नाही.

काढणी

माझं विमान जूनच्या दुसऱ्या आठवड्यात होतं आणि त्यांचा पावसाळा त्याच सुमारास लागतो, म्हणून बटाटे आधी काढले. वैशाली, अभिजित, बाळ, लेना, म्हातारा आणि मी. मोरिता-सान आपल्या दोरीआत उभे राहून बघत होते. म्हाताऱ्यानं मोडकी खुर्ची आणली होती, तीवर बसून काढत होता, डॉक्टरनं उभं राहायला मनाई केली होती. सिगारेट नव्हती.

सरीच्या खालच्या टोकाचे बटाटे सडले होते, माझ्या पाण्यानं. वरचे चांगले निघाले. लेना बापाला सारखं विचारत होती. कळत नव्हतं तरी कळत होतं, एकच प्रश्न पुन्हापुन्हा, कधी हळू, कधी ओरडून. राहणार की जाणार? तो बटाटे निवडत होता. एकेक बटाटा उचलून माती पुसायचा, मोठे उजवीकडच्या पाटीत, सडके मागे. अंड्याएवढे, पुष्कळ डोळ्यांचे मात्र निवडून शर्टाच्या पुढच्या झोळीत टाकत होता. त्यातला एक त्यानं उन्हात धरला, पसंत पडला नाही, तो पाटीत गेला.

लेनानं हात टेकले. वैशालीला म्हणाली, "हे काही बोलत नाहीत. मी तिकीट काढायचं की नाही तेही सांगत नाहीत."

मी म्हटलं, "वैशाली, सांग तिला. तो पुढच्या लावणीचं बी बाजूला काढतोय."

वैशालीनं सांगितलं. लेनानं बापाच्या झोळीकडे बघितलं. शहरात शिकलेली असली तरी पोरगी त्याच घरातली होती. ती मातीतच बसली आणि रडायला लागली. म्हाताऱ्यानं तिच्याकडे बघितलं नाही, पुढचा बटाटा उचलला.

ऊन वर आलं होतं. मी म्हटलं, तिला सांग, नंतर रड, आधी पाट्या सावलीत ने. बटाटे हिरवे पडतात.